होम थिएटर बसवताना: वऱ्हाड आवृत्ती

डब्यासोबत आलेली छापील पुस्तिका आधी नीट वाचा आणि मग कपाटात ठेवून द्या. तिच्यातल्या चित्रात एक चौकोनी खोली आहे, मधोमध सोफा, सोफ्यावर एकच माणूस आणि त्याच्या चहूबाजूंनी स्पीकर. खोलीला दार दिसत नाही. कुलर नाही, देव्हारा नाही, दिवाणाखाली गव्हाचे कट्टे नाहीत आणि त्या माणसाला जेवायला कोणी हाक मारत नाही. असा माणूस परतवाड्यात सापडायचा नाही. म्हणून ही दुसरी पुस्तिका. चिखलदऱ्याच्या घाटाखाली, अचलपूर-परतवाडा या जोडगावात किंवा अंजनगाव-अकोट पट्ट्यात कुठंही ज्यांनी नुकतंच होम थिएटर घेतलं आणि ज्यांच्या घरचे दुसऱ्याच दिवशी "यापेक्षा टीव्हीचाच आवाज बरा होता" म्हणायला लागले, त्यांच्यासाठी.

साहित्य: मोजायचा टेप, सुतळी, खडू, दीड व्होल्टचा एक पेन्सिल सेल, मोबाइलमध्ये आवाज मोजणारं ॲप, जुन्या लुगड्याच्या चिंध्या, आणि सांगितल्याबरोबर स्वयंपाकघरात पळेल असा एक भाचा. भाचा सुट्टीत येतो, म्हणून हे काम दिवाळीत किंवा मे महिन्यात काढावं. मे महिन्याचे तोटे पुढे येतील.

पायरी पहिली: काय घेतलं ते पाहून घ्या

खोक्यावर ठळक अक्षरांत '१०,००० वॅट पीएमपीओ' असं छापलेलं असेल. आता भिंतीवरचा सॉकेट पाहा. साधा सहा अँपिअरचा सॉकेट २३० व्होल्टला फार तर १,३८० वॅट देतो. उरलेले ८,६२० वॅट कुठून येतात हे दुकानदाराला विचारू नका. तो चहा मागवतो आणि विषय तिथंच संपतो. खरा आकडा डब्याच्या पाठीमागं, बारक्या चिकटपट्टीवर, 'आरएमएस' या अक्षरांशेजारी असतो. तो साठ-ऐंशी निघाला तरी निराश होऊ नका, दहा बाय बाराच्या खोलीला तेवढं पुष्कळ झालं. पाहुण्यांना मात्र दहा हजारच सांगा. पैसे त्या आकड्याचे मोजले आहेत.

मग '५.१' कडे या. पाच म्हणजे समोरचे डावा, उजवा आणि मधला, आणि मागचे दोन. पॉइंट वन म्हणजे वूफर. त्याच्या वाट्याला फक्त १२० हर्ट्झपर्यंतचा खोल आवाज येतो, म्हणून त्याला पूर्ण चॅनेल न म्हणता अपूर्णांक दिला. हे नाव टॉमलिन्सन होल्मन या अमेरिकी ध्वनितज्ज्ञानं १९८० च्या दशकात रुजवलं. माणसाला ऐकू येतं ते साधारण २०,००० हर्ट्झपर्यंत. त्यातले १२० म्हणजे काटेकोर हिशेबानं ०.००६. पण 'पाच पॉइंट शून्य शून्य सहा' असं पाटीवर लिहून एकही डबा विकला गेला नसता. पीएमपीओवाल्यांना तेव्हा कुणी नावं ठेवू नयेत, गोल आकडा करण्याची परंपरा वरपासून आहे.

आता खरी परीक्षा. डब्यात आवाज शिरतो कुठून ते पाहा. लाल आणि पांढरी अशा दोनच पिना असतील तर आत दोनच चॅनेल जातात, आणि बाहेर चार असोत की पाच, सगळे स्पीकर तेच ते वाजवतात. बाजारातले बहुतेक 'फोर पॉइंट वन' या जातीचे. त्यांना जुळणी अशी लागतच नाही. तारा लावा, निळे दिवे लागले की नारळ फोडा आणि थेट बेसच्या पायरीवर जा. एचडीएमआयची केबल असेल तर टीव्हीच्या साउंड सेटिंगमध्ये 'पीसीएम' निवडलेलं नाही ना ते बघा. असेल तर टीव्ही सगळ्या सिनेमाचे दोन चॅनेल करून पाठवतो. तिथं 'बिटस्ट्रीम' किंवा 'पास थ्रू' करा. वर्षभर हे सेटिंग चुकीचं ठेवून 'काय सराउंड आहे' म्हणणारी माणसं आपल्यातच आहेत, त्यांना दुखवू नका.

एक सूचना खास परतवाड्यासाठी. मेळघाटच्या सागाच्या लिलावांवर हे गाव वाढलं, त्यामुळं इथं कोणतीही पेटी दिसली की माणूस आधी बोटाच्या पेरानं ठोकतो आणि मग विचारतो, "सागवान हाये का?" नाही. स्पीकरची पेटी बहुधा एमडीएफची, म्हणजे दाबलेल्या लाकडी तंतूंची असते. ती सगळीकडे सारख्या घनतेची असते, तिला रेषा नसतात, आणि पावसाळ्यात फुगून आणि उन्हाळ्यात आकसून ती सांध्यात फट पाडत नाही. हे तुम्ही आराच्या गल्लीत सांगायला जाऊ नका. शास्त्र बरोबर असलं तरी तिथं ते ऐकून घेणार नाहीत.

पायरी दुसरी: बैठक

आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाची बीएस ७७५ नावाची एक शिफारस आहे. ऐकणाऱ्याच्या नाकासमोर मधला स्पीकर. त्याच्या दोन्ही बाजूंना तीस-तीस अंशांवर डावा-उजवा. आणि मागचे दोन शंभर ते एकशेवीस अंशांवर, म्हणजे कानाच्या जरा मागं. कोनमापक शोधू नका. सुतळी घ्या. ऐकणाऱ्यापासून डाव्या स्पीकरपर्यंत जेवढी सुतळी लागेल तेवढंच अंतर डाव्या-उजव्या स्पीकरमध्ये ठेवा. तिन्ही बाजू सारख्या झाल्या की तीस अंश आपोआप येतात.

मागच्या दोघांची गोष्ट वेगळी. एकशेदहा अंशांवर डावीकडं खडूनं फुली मारली की ती नेमकी देव्हाऱ्यावर पडते आणि उजवीकडची स्वयंपाकघराच्या दारात. देव्हाऱ्यावर स्पीकर ठेवण्याचा प्रस्ताव मांडू नका, मी सांगतो. तो स्पीकर देव्हाऱ्याच्या वर, भिंतीला, छताखाली दोन फुटांवर टांगा आणि तोंड थोडं खाली करा. दाराचा स्पीकर चौकटीवर. उंची जास्त झाली तरी मागचे आवाज बहुतेक पाऊस, गर्दी, वारा असेच असतात. ते वरून आले तरी कुणाची हरकत नसते. फक्त त्या दारातून पोळ्यांचं ताट घेऊन ये-जा चालते आणि दर खेपेला उजवीकडचं जंगल अर्धा सेकंद बंद पडतं. याला उपाय नाही. असलाच तर सिनेमा जेवणानंतर लावणं.

कानाची उंची त्याच शिफारशीत १.२ मीटर दिली आहे. ती खुर्चीवरच्या माणसाची. आपल्याकडं दिवाणावर आबाजी, खुर्चीवर काकाजी, चटईवर पोरं आणि भिंतीला टेकून, पाय पसरून, तुरी निवडत मोठ्या आई. चार उंच्यांचे कान, आणि जुळणी होते एकाच जागेसाठी. जिथं सगळे चॅनेल बरोबर वेळेवर आणि बरोबर जोरात पोचतात अशी जागा खोलीत एकच असते, साधारण एका खुर्चीएवढी. ती जागा कुणाची हा ध्वनिशास्त्राचा प्रश्न नाही. ती आबाजींची. आबाजींना डाव्या कानानं कमी ऐकू येतं हे आड येऊ देऊ नका. टेप त्यांच्या दोन्ही कानांच्या मधून धरा आणि प्रत्येक स्पीकरपर्यंतचं अंतर मोजून रिसीव्हरमध्ये भरा. जवळच्या स्पीकरला रिसीव्हर तेवढा उशीर लावतो. ध्वनीला एक फूट जायला जवळपास एक मिलिसेकंद लागतो, म्हणून टेप चार बोटं इकडंतिकडं झाला तर कुणाला कळायचं नाही.

घरात इंजिनिअर जवाई असेल तर तो इथं सांगेल की ध्वनीचा वेग तापमानावर अवलंबून असतो. बरोबर आहे. वीस अंशाला तो सेकंदाला ३४३ मीटर असतो आणि आपल्या मे महिन्यातल्या ४५ अंशाला ३५८ च्या आसपास जातो. तीन मीटरवरचा स्पीकर त्या हिशेबानं उन्हाळ्यात तेरा सेंटिमीटर जवळ येतो. जवाईबापूंना कागद-पेन्सिल द्या, सरबत द्या आणि पुढच्या पायरीला लागा.

पायरी तिसरी: लाल-काळी

ही चटकन संपते. तार ॲम्प्लिफायरमधून काढा आणि तिची दोन टोकं सेलला क्षणभर टेकवा, धन टोक लालला. वूफरचा पडदा बाहेर उसळला तर तार बरोबर, आत गेला तर उलटी. हा खेळ फक्त मोठ्या पडद्यांशी करावा, बारक्या टुइटरशी नको. एक स्पीकर उलटा लागला तर बेस विरघळतो आणि नायक मधोमध बोलायच्या ऐवजी कुठंतरी भिंतीत बोलतो. तारा लावून झाल्यावर संथ 'हूंऽऽ' ऐकू येत असेल तर ती ५० हर्ट्झची मेन्सची गुणगुण, आणि तिचं मूळ बहुतेकदा अंगणात असतं. मीठ-कोळशाच्या अर्थिंगच्या खड्ड्यात शेवटचं पाणी कोणी घातलं होतं ते आठवा. एप्रिलपासून पावसापर्यंत तिथं बादलीभर पाणी अधूनमधून जाऊ द्या. त्यानं होम थिएटर सुधारलं नाही तरी फ्रिजचा झटका बसायचा थांबेल.

पायरी चौथी: खोलीत आधीपासून किती आवाज आहे

सगळं बंद करा आणि मीटर पाहा. मग कुलर लावा आणि पुन्हा पाहा.

दुसरा आकडा बहुधा साठ डेसिबलच्या आसपास येईल. वऱ्हाडातल्या होम थिएटरचा खरा सहावा चॅनेल हाच. तो मार्चअखेर सुरू होतो, मृगापर्यंत अखंड वाजतो, त्याचा व्हॉल्यूम रिमोटवर नसतो, आणि खिडकीत बसवलेला असल्यामुळं तो बीएस ७७५ लाही जुमानत नाही. सिनेमातली कुजबुज पन्नास डेसिबलची असेल तर ती कुलरच्या खाली गाडली जाते. मग माणूस आवाज वाढवतो. दहा डेसिबल वाढवले की कानाला दुप्पट वाटतं, पण ॲम्प्लिफायरला दहापट ताकद लावावी लागते. पाठीमागच्या चिकटपट्टीवरचे साठ वॅट आठवा.

रे डॉल्बी १९६३ ते १९६५ या काळात युनेस्कोचे सल्लागार म्हणून भारतात होते. इथून गेले ते लंडनला, आणि १९६५ मध्येच कंपनी काढली. तिचं पहिलं काम सराउंड नव्हतंच. टेपवरची खरखर कमी करणं हे होतं. भारतातल्या मुक्कामात त्यांना खरखरीचा इतका ध्यास का लागला हे समजून घ्यायला एक उन्हाळा इकडं काढून पाहावा असा माझा अंदाज आहे. पुराव्याला माझ्याकडं फक्त कुलर आहे.

कुलरवर तोडगे आहेत. वाळ्याची ताटी दाट ठेवली तर पंख्याची वरची सळसळ थोडी मरते. स्टँडच्या पायांखाली सायकलच्या ट्यूबचे तुकडे घाला, लोखंडी जाळीची थरथर थांबते. पंपाचा आवाज येत असेल तर टाकीत पाणी कमी आहे, भाच्याला पाठवा. यापलीकडं जाऊन कुलर बंद करा असं सुचवणाऱ्यानं स्वतःच्या जबाबदारीवर सुचवावं.

आणि एक धोका. कुलर इन्व्हर्टरवर नसतो, टीव्ही आणि डबा असतात. दुपारी लाइन गेली की कुलर एकदम बसतो, आणि त्याला पुरून उरायला चढवलेला आवाज मोकळ्या घरात एकटा उरतो. बायकोच्या भिशीतल्या मैत्रिणी शेजारच्या खोलीत असतील तर खलनायकाचं ते वाक्य त्या पुढचे तीन महिने तुमच्या नावावर सांगतात. लाइन जाण्याची वेळ माहीत असेल तर त्याआधी पाच मिनिटं रिमोट हातात ठेवा.

पायरी पाचवी: सूऽऽ

आता रिसीव्हरमधला टेस्ट टोन लावा. तो एकेका स्पीकरमधून सूऽऽ असा सलग आवाज काढत जातो. याला पिंक नॉइज म्हणतात. त्यात प्रत्येक सप्तकाला सारखी ताकद वाटून दिलेली असते. ॲपमध्ये 'सी' वजन आणि 'स्लो' निवडा, मोबाइल आबाजींच्या कानाच्या जागी धरा आणि पाचही स्पीकर एकामागून एक ७५ डेसिबलवर आणा. मोबाइलचा माइक बोलण्यासाठी केलेला असतो, तो खोल आवाजात खोटं सांगतो. पण पाच स्पीकर एकमेकांशी जुळवायला पुरतो.

टोन सुरू करण्याआधी घरात वर्दी द्या. वर्दी न दिल्यास स्वयंपाकघरातून आवाज येतो, "गॅस लीक होऊन रायला वाटते, रेग्युलेटर बंद करा आधी!" आणि कुणीतरी खिडक्या उघडतं, कुणीतरी देवाजवळची समई फुंकतं, भाची पायऱ्यांवर जाऊन उभी राहते. पिंक नॉइज आणि सिलिंडरची गळती यांत कानाला फारसा फरक नाही, चूक त्यांची नाही. सगळे परत येऊन बसेपर्यंत वरण खाली लागलेलं असतं.

डब्याबरोबर छोटा माइक आला असेल तर रिसीव्हर हे सगळं स्वतः करतो. कंपनीनुसार त्याला ऑडिसी, वायपाओ अशी नावं आहेत. माइक कानाच्या उंचीवर स्टँडवर ठेवायचा, हातात धरायचा नाही, आणि सांगितलेल्या सहा-आठ जागी फिरवायचा. अट एकच: तेवढा वेळ शांतता. ही अट लिहिणाऱ्याच्या गल्लीत 'लोहा-प्लास्टिक-रद्दी'चं रेकॉर्डिंग लावलेली गाडी येत नसावी. ती गेली की भाजीवाला. तो गेला की नळ येतो, आणि नळ आला की अख्ख्या ओळीत टिल्लू पंप सुरू होतात. मधेच आवाज झाला की यंत्र थांबतं आणि पुन्हा पहिल्यापासून चालू करायला सांगतं. माझ्या मते पहाटे साडेचारची वेळ चांगली. त्या वेळी वूफरचा पहिला धम्म झाला की गल्लीतली कुत्री जागी होतात; पण कुत्र्यांचा आवाज वरच्या पट्टीतला, बेसच्या मापात तो येत नाही.

पायरी सहावी: बेस

इथं घाई करू नका. होम थिएटर घेतलेल्यांपैकी निम्मे बेससाठीच घेतात आणि उरलेले तसं कबूल करत नाहीत.

खोलीला स्वतःचे सूर असतात. ध्वनीच्या वेगाला लांबीच्या दुपटीनं भागा. बारा फूट लांब खोलीचा पहिला सूर ४७ हर्ट्झ, दहा फूट रुंदीचा ५६. उंचीही दहा फूट असेल तर तिचाही ५६, म्हणजे तो सूर दुपटीनं घुमणार. या सुरांचा दाब भिंतींजवळ सगळ्यात जास्त असतो आणि बरोबर मध्यावर जवळपास नाहीसा होतो. म्हणून भिंतीला लागून दिवाणावर बसलेले आबाजी म्हणतात, "छातीत धडधडून रायलं, कमी कर." आणि चटईवर मधोमध बसलेला भाचा त्याच क्षणी म्हणतो, "मामा, बेस कुठी हाये?" दोघंही खरं बोलत असतात. दोघांनाही गप्प करायची इच्छा आवरून वूफर हलवा.

कुठं हलवायचा याची एक जुनी, जगभर मानलेली पद्धत आहे. वूफर उचलून दिवाणावर, आबाजींच्या जागेवर ठेवा. आबाजींना तात्पुरतं ओट्यावर बसवा. बेस भरपूर असलेलं गाणं लावा आणि स्वतः गुडघे-हात टेकून, कान जमिनीपासून हातभर ठेवून, भिंतीच्या कडेकडेनं रांगत चला. जिथं बेस घुमत नाही, विरत नाही, प्रत्येक ठोका सुटा ऐकू येतो, तिथं खडूनं फुली. वूफर त्या फुलीवर. वयाची पन्नाशी उलटलेल्या गृहस्थानं हे करताना पुढचं दार लावून घ्यावं. नाहीतर शेजारचे काकाजी दारात उभे राहून विचारतात, "काहून जी, काय हारपलं?" आणि बारीकसारीक शोधायला तेही खाली वाकतात. त्यांना हे काय चाललं आहे ते समजावण्यापेक्षा 'चावी' म्हणून मोकळं व्हावं.

वूफर बसला की थरथराटाची शिकार. वीसपासून एकशेवीस हर्ट्झपर्यंत हळूहळू चढत जाणारा सूर लावा आणि भाच्याला उभा करा. चाळिशीत शोकेसची काच बोलते. पन्नाशीच्या पुढं स्वयंपाकघरातल्या फळीवर एकात एक ठेवलेले स्टीलचे डबे, त्यातही जे झाकण घट्ट बसत नाही ते. मग खिळ्याला अडकवलेली कढई, जी भिंतीवर नुसती टेकलेली असते. लोखंडी कपाटाचं हँडल. गोदरेजच्या वर ठेवलेली सुटकेस. प्रत्येक गुन्हेगार सापडला की सूर तिथंच थांबवा, भाच्यानं वस्तूवर हात ठेवायचा. थरथर थांबली तर तीच. मग चिंधीची घडी, रबराचा तुकडा, झाकणाखाली कागद. भिंतीवर पणजोबांचा चंदनाचा हार घातलेला फोटो असतो, त्याच्या चौकटीची खालची बाजू साठीच्या आसपास हटकून टकटकते. मोठ्या आई म्हणतील, त्यांना हे पसंत नाही. त्यांच्यासमोर चौकटीच्या मागं चिंधी कोंबू नका. रात्री कोंबा.

आणि आता जे या पुस्तिकेतलं सगळ्यात कामाचं आहे ते. कापूस.

खोलीच्या मधोमध उभं राहून एक टाळी वाजवा. तिच्यामागून टर्रर्र अशी शेपटी आली तर भिंती उघड्या आहेत. शहरातले लोक यासाठी फोमच्या पाट्या विकत घेतात, काही जण अंड्यांचे ट्रे लावतात, ज्यांचा उपयोग अंड्यांनाच जास्त. चार इंची रुईची गादी भिंतीला उभी केली तर ती साधारण आठशे हर्ट्झच्या वरचं बरंच काही पिऊन टाकते. पण बेस तिला दाद देत नाही. ५० हर्ट्झची लाट सात मीटरच्या जवळ जाते. तिला थोपवायला पाव लाटेएवढी, म्हणजे साडेपाच फुटांची जाडी लागते. साडेपाच फूट जाडीचा फोम लावतो कोण?

आपण लावतो. दिवाळीनंतर वेचणीचा कापूस घरी येतो, आणि भावाची वाट पाहत पुढच्याच खोलीत, एका भिंतीला, छातीएवढा रचला जातो. जगातले मोठे स्टुडिओ ज्याच्यासाठी लाखो रुपये घालतात तो बेस ट्रॅप आपल्या घरी डिसेंबर-जानेवारीत फुकट उभा असतो. टाळी वाजवा, शेपटी गायब. ४७ चा घुमारा उतरलेला. सिनेमातली बंदूक बंदुकीसारखी वाजते. ज्यांनी कापसाच्या घरात बसून सिनेमा ऐकला नाही त्यांना होम थिएटर म्हणजे काय याची कल्पना नाही, असं माझं ठाम मत आहे.

काही पथ्यं. ॲम्प्लिफायर गरम होतो. तो आणि त्याची एकही तार कापसाच्या जवळपास नको, आणि त्या खोलीत उदबत्ती-विडी नाही. कापूस जास्त दिवस घरात राहिला की अंगाला खाज सुटते, त्यामुळं मोठा सिनेमा मध्यंतर करून पाहावा. आणि वर केलेली सगळी मापं कापूस विकेपर्यंतच खरी. २०२५-२६ च्या हंगामाला लांब धाग्याचा हमीभाव ८,११० रुपये क्विंटल होता; व्यापाऱ्याची गाडी दारात लागली, काट्यावर शेवटचं गाठोडं चढलं, की त्या रात्री खोली पुन्हा ओरडायला लागते आणि पाचव्या पायरीपासून परत सुरू. भाव चांगला असूनही तुम्ही विकायला टाळाटाळ करत असाल तर घरच्यांना 'अजून वाढंल' असं सांगा. बेसचं कारण देऊ नका.

पायरी सातवी: तपासणी

जुळणी झाली की ती तपासायला माणसं बोलावली जातात, आणि ती एकमतानं 'झिंगाट' मागतात. लावा. २०१६ च्या 'सैराट'चं संगीत अजय-अतुलनी अमेरिकेतल्या सोनीच्या स्टुडिओत मोठा वाद्यवृंद बसवून ध्वनिमुद्रित केलं. त्यातली तंतुवाद्यं वेगवेगळी ऐकू येतात का हे पाहायला त्याच चित्रपटातली संथ गाणी जास्त चांगली. ती कुणी पूर्ण ऐकू देणार नाही.

शेजारी मागच्या स्पीकरला कान लावून निकाल देतात: "मांगचे वाजूनच नाई रायले. फसवलं तुमाले." त्यांना सांगा की मागचे स्पीकर बहुतेक वेळ गप्पच असतात, संवाद मधल्यातून येतात, मागं फक्त पाऊस-पाखरं, आणि मालिकेत तर काहीच नाही. ते म्हणतील, "मायावाले तं मांगून बी तेवढेच वाजते." त्यांचं फोर पॉइंट वन आहे. वाद वाढला तर रिमोटवर 'ऑल चॅनेल स्टीरिओ' नावाचं बटण असतं, ते दाबा. सगळे स्पीकर सगळं वाजवतात, शेजारी समाधानानं घरी जातात, आणि दार लागलं की बटण परत फिरवता येतं.

कायद्याची एक ओळ वाचून ठेवा. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत रहिवासी भागाची मर्यादा दिवसा ५५ आणि रात्री दहा ते सहा ४५ डेसिबल आहे, आणि खासगी ध्वनियंत्रणेला आपल्या हद्दीच्या कडेवर त्याहून फक्त पाच डेसिबलची सूट. जिथं दोन घरांची भिंत सामाईक आहे तिथं हद्द विटेच्या पोटात असते. मोजायला जायची गरज नाही. भिंतीवर पलीकडून लाटणं आपटलं की पन्नास झाले समजा.

पुढची पायरी: वरचा आवाज

एवढं जमलं की दुकानदार ॲटमॉसचं नाव काढील. २०१२ मध्ये पिक्सारच्या 'ब्रेव्ह'पासून ते सिनेमागृहात आलं. घरी त्यासाठी छतात आणखी दोन किंवा चार स्पीकर लागतात, म्हणजे हेलिकॉप्टर डोक्यावरून जातं. खर्च करण्याआधी छत पाहा. स्लॅब असेल तर ठीक. पत्रे असतील तर पावसाळ्यात खाली काय वाजतं ते कुणालाच ऐकू येणार नाही, आणि बाकीचे आठ महिने मेळघाटच्या बाजूनं येणारी वानरं आहेत. टोळी संत्र्यांच्या वासावर येते, एका पत्र्यावरून दुसऱ्यावर उड्या टाकत डाव्या पुढच्या कोपऱ्यातून उजव्या मागच्या कोपऱ्यात जाते, आणि प्रत्येक उडीचा आवाज नेमका जिथून यायला हवा तिथूनच येतो. खाली बेस आहे, उशीर शून्य, वायरिंग नाही. फक्त त्यांची लेव्हल कमी करायचं बटण अजून कोणत्याही रिसीव्हरला आलेलं नाही, आणि संत्री आत ठेवली तरी ती दोन-तीन दिवस तपासायला येतातच.